सुतारेसाहेबांचं पान

"बाबा, हे सुतारेसाहेब तं जिते हायेत," प्रतीक्षा म्हणाली, आणि उत्तमरावांचाच मोबाइल तिनं त्यांच्या पेपरवर आणून ठेवला. पितृपक्षाचा दुसराच दिवस होता. सून शाळेत जायच्या आधी सासूची जुनी वही काढून अमावस्येची यादी करत बसली होती. कोकिळाबाईंच्या हातची ती वही. त्यात कुणाला कोणती भाजी, कुणाला खिरीत वेलदोडा चालत नव्हता, कोण कुठे गेला, सगळं टिपलेलं. आजेसासरे, पणजेसासरे, माहेरची एक अविवाहित आत्या, आणि सगळ्यांच्या शेवटी एक ओळ, 'सुतारेसाहेब, स्वीडन.' मागच्या वर्षी प्रतीक्षानं निमूटपणे त्यांचंही पान वाढलं होतं. यंदा तिला हुक्की आली की हे कोण ते बघावं तरी. "नाव कुठं सापडलं तुले?" उत्तमरावांनी विचारलं. "आईच्या वहीत कार्ड व्हतं ना, त्याच्यावर इंग्रजीत लिवेल व्हतं," ती म्हणाली. "मेल्याची आवई उठली का उमर वाढते म्हनतात बाबा. पाहा, नव्वद वर्षांचे झाले." ती हसली आणि पर्स घेऊन निघूनही गेली. उत्तमरावांनी कार्डाच्या बोलण्याकडे लक्षच दिलं नाही. ते स्क्रीनवरच्या म्हाताऱ्याकडे बघत राहिले. भुवया पांढऱ्या झाल्या होत्या, मान बगळ्यासारखी बारीक झाली होती, पण नाकाचा शेंडा तोच, डावीकडे किंचित वाकलेला. स्तुरे वालमार्क. ज्याला मोताळ्याच्या लोकांनी दुसऱ्याच दिवशी सुतारेसाहेब करून टाकलं होतं. ज्याला उत्तमरावांनी एकतीस वर्षांपूर्वी, दोन घास चावता चावता, स्वतःच्या तोंडानं मारलं होतं.

त्या व्हिडिओतली मुलाखत तासाभराची होती. खाली इंग्रजी अक्षरं यायची. उत्तमराव इंग्रजीचे मास्तर होते, वाचायला अडचण नव्हती, पण ते थांबून थांबून बघत होते. चिखलीच्या त्या गल्लीत खाली भाजीवाल्याची गाडी उभी होती, शेजारी कुणी मिक्सर लावला होता, आणि समोर एक म्हातारा आपलं आयुष्य सांगत होता. बाप कालव्याच्या दरवाज्यांची दुरुस्ती करायचा, आई सूतगिरणीत. सोळाव्या वर्षी फिल्म धुण्याच्या प्रयोगशाळेत लागला, दिवसभर अंधारात, हात औषधात. मग वीस वर्षं दुसऱ्यांच्या सिनेमांसाठी कॅमेरा चालवला. त्याच्या मुलखात हिवाळ्यात सूर्य नऊला येतो आणि तीनला जातो, म्हणून उजेड जपून वापरायची सवय लागली, म्हणे. दिवे त्यानं कधी लावले नाहीत. एका ढगासाठी सगळी मंडळी कोट घालून चार-चार तास बसवून ठेवली, दिग्दर्शकांच्या शिव्या खाल्ल्या. पंचेचाळिशीत स्वतःचे सिनेमे काढायला लागला. सात काढले, सातही पडले. "लोक थेटरात झोपायचे," म्हातारा हसून सांगत होता, "पण शांत झोपायचे." आता कुणी तरी ते डबे उकरून काढले होते, साफसूफ करून दाखवत होते, सत्कार करत होते. आणि आता त्याचेच डोळे गेले होते. मधोमध भोक पडलंय, कडा तेवढ्या दिसतात, तो म्हणाला. मग मुलाखतवालीनं काही विचारलं, त्यावर तो म्हणाला, मी जे टिपलं ते डब्यात गेलं आणि माझ्या डोक्यातून पुसलं गेलं. जे टिपलं नाही तेवढंच आता मला दिसतं. उत्तमरावांनी तिथे बोट ठेवून व्हिडिओ थांबवला. मिक्सर बंद झाला होता. त्यांना वाटलं, हे वाक्य हा माणूस मलाच उद्देशून बोलला.

स्वीडनमध्येही एक मोताळा आहे. त्या गावाचा तो. पूर्वीच्या रेडिओच्या पट्टीवर लंडन, पॅरिससोबत त्याच्या गावाचं नाव छापलेलं असायचं, त्याचा त्याला कोण अभिमान. आईच्या गिरणीतला कापूस कुठून कुठून यायचा हे शोधताना नकाशात त्याला वऱ्हाडातला मोताळा सापडला, आणि हा बहाद्दर त्र्याऐंशी सालच्या दिवाळीत दोन पेट्या आणि एक मदतनीस घेऊन थेट एसटीतून उतरला. तालुक्याच्या त्या गावात इंग्रजी बोलणारा माणूस एकच, शाळेचा सत्तावीस वर्षांचा मास्तर. उत्तमरावांची कॉलर तेव्हा कडक असायची. साहेबाची एक खोड होती, ती पहिल्याच संध्याकाळी त्यानं उत्तमरावांना सांगितली, आणि ती ऐकून उत्तमरावांना फार मोठ्या गुपितात भागीदार झाल्यासारखं वाटलं. नव्या गावात पहिले दोन दिवस तो कॅमेरा रिकामाच चालवायचा. डब्यात रीळच नाही. लोक येतात, केस विंचरतात, छाती काढून उभे राहतात, पोरं नाचतात. नाचू दे. दोन दिवसांत कंटाळतात आणि आपापल्या कामाला लागतात. तिसऱ्या दिवशी रीळ भरायचं. कॅमेऱ्याच्या कुशीला किती फूट रीळ चाललं ते दाखवणारा एक काटा होता. रीळ चाललं की तो सरकायचा. पहिले दोन दिवस तो शून्यावर खिळलेला असायचा, आणि साऱ्या मोताळ्यात ते ठाऊक असलेला माणूस एक उत्तमरावच. सरपंच फेटा बांधून आले, त्यांचंही उभ्या-आडव्या अंगानं चित्रण झालं. उत्तमराव काट्याकडे बघत आणि गालात हसत.

दुसरा दिवस होता तो शीतादहीचा. कपाशी फुटली की पहिल्या वेचणीच्या दिवशी घरची लक्ष्मी शेतात जाते, सात खडे मांडते, हळदकुंकू वाहते, पहिलं बोंड तोडून बोटांनीच त्याचं सूत काढते आणि ते झाडांभोवती गुंडाळते, दहीभात शिंपडते, मग बाया वेचायला लागतात. वर्षातून एकदा. त्या वर्षी उत्तमरावांच्या आईनं तो मान नव्या सुनेला दिला होता. कोकिळा बावीसची, लग्नाला वर्ष झालेलं. सकाळी साहेबानं चहा पिता पिता विचारलं, आज शेतात काही विशेष आहे का? आणि एम.ए. बी.एड. झालेला हा माणूस, ज्याला आपली बायको परक्या माणसासमोर झाडाला दोरा बांधून भात उधळणार याची मनातून लाज वाटत होती, तो म्हणाला, "नथिंग स्पेशल, सर." दोनच शब्द. आहे म्हटलं असतं तर साहेबानं एक दिवस आधी रीळ भरलं असतं, त्याला काय जड होतं? उलट तो नाचला असता. पण नाही. धुऱ्यावर, बांधावरच्या बाभळीखाली कॅमेरा मांडला, कोकिळा डोक्यावर टोपलं घेऊन आली, तिनं खडे मांडले, दोरा गुंडाळला, भात शिंपडला. साहेब डोळा लावून कॅमेरा चालवत होता, शेजारी उत्तमराव उभे होते. मग तिनं वर बघितलं. बघितलं असणार. कारण घरी आल्यावर ती म्हणाली होती, "मी नीट दिसलो का वो? मी वर पाह्यलं, तवा चालू व्हतं ना थे?" आणि उत्तमराव म्हणाले होते, हो, चालू होतं. कॅमेरा चालू होताच की. खोटं काय होतं त्यात? पण त्या क्षणाचं उत्तमरावांना आजही एवढंच आठवतं, काळ्या पत्र्यावरचा पांढरा काटा, आणि तो हलत नव्हता. तिसऱ्या दिवशी रीळ भरलं तेव्हा कोकिळा घरी सारवत होती. शेत आलं, मजुरणी आल्या, मोताळ्याचा बाजार आला, दावणीचा खोंडसुद्धा आला. ती नाही.

त्यानंतरची दहा वर्षं म्हणजे एकच प्रश्न. कवा येईन वो फिल्म? माहेरी जाऊन तिनं सांगितलं होतं, विहिरीवर सांगितलं होतं, मी तिकडच्या सिनेमात हाव म्हणून. तिकडचे लोक मले पाह्यत असतीन, म्हणायची, आणि पदर सावरायची, जणू आत्ताच कुणी पाहतंय. पंचाऐंशीत शाळेच्या पत्त्यावर साहेबाचं पत्र आलं की सिनेमा तयार झाला, दोन मोताळ्यांचा. ते उत्तमरावांनी वाचलं आणि फाडून टाकलं. गावात गणपतीला व्हिडिओ आला तेव्हा तर तिनं कहरच केला. चारचौघांत त्या व्हिडिओवाल्याला म्हणाली, "दादा, स्वीडनची भेटते का तुमच्यापाशी? मी हाव त्याच्यात." लोक हसले, तीही हसली, पण उत्तमरावांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. त्या रात्री नव्हे, दुसऱ्या दिवशी दुपारी, पिठलं-भाकर खाताना त्यांनी सहज म्हटल्यासारखं म्हटलं, साहेब वारले म्हणे. पत्र आलं शाळेत. आता काही ती फिल्म येत नाही. कोकिळेचा हात भाकरीवर थांबला. "अरे देवा," ती म्हणाली, "चांगला मानूस व्हता बिचारा." आणि परत कधीही तिनं फिल्मचं नाव काढलं नाही. सुंठीवाचून खोकला गेला असं उत्तमरावांना वाटलं. पण त्याच वर्षी अमावस्येला पानं वाढताना एक पान जास्त दिसलं. "त्याच्या मांगं तिकडे कोन ठेवते पान?" ती म्हणाली. "मी त्याच्या सिनेमात हाव, तं मंग तो आपलाच झाला." हात दाखवून अवलक्षण. उत्तमराव जेवायला बसले. त्या वर्षापासून पितृपक्षाच्या दर अमावस्येला हे असंच. पुढेपुढे तर त्या दिवशी त्यांच्या ताटातली कढी गार असायची, वडे वातड झालेले असायचे, ते कुरकुरायचे, आणि कोकिळा म्हणायची, "पितरायचं आटोपल्यावर थंडच भेटन. तुमाले काय घाई हाय?" आणि समोर बसून त्यांचं खाणं संपेपर्यंत बघत राहायची. तेवढ्या एका दिवशी ती त्यांना शेवटचा घास संपेपर्यंत उठू देत नसे.

आता ती जाऊन दोन वर्षं झाली होती, आणि उत्तमरावांची पंचाईत अशी होती की तिचा तरुणपणाचा चेहरा त्यांना आठवत नव्हता. फोटो म्हणाल तर लग्नातला एक, त्यात मुंडावळ्या आणि खाली घातलेली मान. डोळे मिटले की त्यांना दवाखान्यातली कोकिळा दिसायची, गाल बसलेली, नाकात नळी. ती पुसून मागे जावं, अजून मागे, तर थेट तो काटा. एका माणसानं तिला तेव्हा नीट पाहिलं होतं, एक डोळा मिटून, दुसरा भिंगाला लावून, आणि तो माणूस जिवंत होता. पण नव्वदचा. तो तरी किती दिवस, आणि त्याला आठवत तरी असेल का? जगभर हिंडलेला माणूस, हजार बाया पाहिल्या असतील. पितृपक्षाचे दिवस असे एकेक करून जात होते. सकाळी देवळापर्यंत चालून यायचं, दुपारी पेपर. मुलगा कुलदीप बाजार समितीतून आला की सोयाबीनच्या भावाबद्दल काही बोलायचा, उत्तमराव हूं हूं करायचे. आठव्या दिवशी त्यांनी प्रतीक्षाला म्हटलं, त्यायले चिठ्ठी लिवता येईन का मोबाइलवरून? तिनं कुठून तरी पत्ता काढला, उत्तमरावांनी सांगितलं तसं टाइप केलं. मजकूर तीन ओळींचा. मी मोताळ्याचा मास्तर. तुमच्याशी एकदा बोलायचं आहे. माझी पत्नी वारली. तिसऱ्या ओळीनंतर ते थांबले आणि म्हणाले, बस, पाठव. चार दिवस काही नाही. पाचव्या दिवशी मुलीचं उत्तर आलं, तिचं नाव मारित. वडिलांना मोताळा म्हटल्याबरोबर त्यांनी काठी आपटली, तिनं लिहिलं होतं, उद्या बोलू या. ती उद्या म्हणजे चतुर्दशी. उत्तमरावांनी सकाळी दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला, आणि मग आठवलं की त्याला तर दिसत नाही.

दुपारी चारला बोलणं झालं. प्रतीक्षानं मोबाइल पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवला आणि ती आत गेली. स्तुरेचा चेहरा पडद्यावर अर्धाच दिसत होता, मारित मागून कॅमेरा सरळ करत होती, आणि ज्यानं जन्मभर दुसऱ्यांना चौकटीत बसवलं तो स्वतः चौकटीत बसत नव्हता. "उत्तम," तो म्हणाला, "तुझा आवाज म्हातारा झाला." उत्तमराव म्हणाले, तुमचाही. मग जे पहिल्यांदा सांगायचं ठरवलं होतं ते त्यांनी पहिल्यांदा सांगून टाकलं. की मी तुम्हाला मारलं. बायकोला सांगितलं तुम्ही वारलात. एकतीस वर्षांपासून घरात तुमचं श्राद्धाचं पान पडतं, आधी ती टाकायची, आता सून टाकते. मग म्हातारा विचारतो काय, "पानात काय असतं?" कढी, उडदाचे वडे, खीर, गवारीची भाजी, उत्तमरावांनी सांगितलं. "मग मी इतका जगलो त्यात नवल नाही," स्तुरे म्हणाला, आणि दोघेही हसले, आणि हसताना उत्तमरावांच्या डोळ्यांत पाणी आलं ते त्यांनी तसंच राहू दिलं. पाहणारं कोण होतं? मग त्यांनी विचारलं, तुम्हाला ती आठवते का? दुसरा दिवस. बाभळीखाली. रीळ नव्हतं. मी तुम्हाला म्हटलं होतं विशेष काही नाही. ते खोटं होतं, विशेष होतं.

"मला तेव्हाच कळलं होतं," स्तुरे म्हणाला. "ती झाडाला दोरा बांधायला लागली आणि मला कळलं. पण रीळ भरायला उठलो असतो तर ती थांबली असती. म्हणून डोळा तसाच ठेवला." आणि मग तो सांगत गेला, सावकाश, मध्ये मध्ये मुलीला शब्द विचारत. हिरवी साडी, कडेला मातीचा ओला पट्टा, धुऱ्यावरच्या पाण्यातून आली होती. हातात बांगड्या खूप, पण एका हाताच्या वर सारून ठेवलेल्या, सूत काढता यावं म्हणून. दोरा दोनदा तुटला, तिनं तो ओठांत धरून जोडला. डाव्या भुवईवर कापसाचा एक तंतू चिकटला होता, तो तिला माहीत नव्हता. भात शिंपडून झाल्यावर तिनं हात साडीला पुसले नाहीत, तसेच समोर धरले, पांढरे. आणि वर बघितलं. वरचा एक दात किंचित पुढे होता, हसू दाबताना तो दिसला. तो दात. चाळीस वर्षं शेजारी जेवली, आणि तो दात नंतर हलायला लागला तेव्हाचा, मग काढून टाकला तेव्हाचा, सगळं ते विसरून गेले होते. "पण एक सांगू?" स्तुरे म्हणाला. "ती माझ्याकडे बघत नव्हती. लेन्समध्ये कुणी बघितलं की मला कळतं, तोच माझा धंदा. ती माझ्या डावीकडे बघत होती. बराच वेळ. मी मनात म्हटलं, जो कोण तिथे उभा आहे तो नशिबाचा आहे. डावीकडे कोण होतं, उत्तम?" उत्तमराव म्हणाले, "मी होतो." "मग तू तर पाहिलंच असशील," म्हातारा म्हणाला. "मला काय विचारतोस?" मारितनं पुढे येऊन विचारलं, आवाज येतोय ना? येतोय, ते म्हणाले. मग थोडं हवापाण्याचं झालं. तिकडे थंडी सुरू झाली होती. निरोप घेताना स्तुरे म्हणाला, पुढच्या वर्षीही पान टाक, घाईनं बंद करू नकोस.

त्या संध्याकाळी ते गच्चीवर बराच वेळ बसले. रागावायला कुणी नव्हतं. चाळीस वर्षं त्यांना वाटत आलं होतं की आपण बायकोला एका सिनेमातून वगळलं, हा आपला गुन्हा. पण तिला सिनेमाचं कुठं काय होतं? ती नवऱ्याकडे बघत होती, पांढरे हात समोर धरून, बघा मला जमलं, म्हणून. आणि नवरा काटा बघत होता. मी नीट दिसलो का वो? हा प्रश्न तिनं साहेबाला नाही, त्यांना विचारला होता. केवढी ही सोपी गोष्ट, आणि मास्तर असूनही कळायला ही वेळ यावी लागली. आता हिरवी साडी आली होती, बांगड्या आल्या होत्या, भुवईवरचा तंतू आला होता, दात आला होता. डोळे मिटले की ती येत होती. फक्त बघत होती ती किंचित बाजूला, आंधळ्या म्हाताऱ्याच्या जागेवरून दिसावी तशी.

अमावस्येला सकाळपासून घरात उडदाच्या डाळीचा वास होता. कुलदीपनं पानं आणून दिली आणि तो आंघोळीला गेला. उत्तमराव स्वयंपाकघराच्या दारात उभे राहिले. "प्रतीक्षा, सुतारेसाहेबायचं पान वर गच्चीवर नको ठेवू या वर्षी," ते म्हणाले. "जित्या मानसाचं पान पितरायसंग नाई ठेवत." प्रतीक्षानं वडा कढईत सोडला आणि वळून बघितलं. "वर कवाच ठेवलं नाई ना बाबा. थे तं मी बाह्यरच्या ओट्यावर ठेवतो, पाव्हन्याचं." उत्तमरावांना समजलं नाही. तिनं हात पुसून वही आणून दिली. शेवटच्या ओळीत 'सुतारेसाहेब, स्वीडन' याच्यापुढे, मोताळ्याच्या जुन्या घरच्या सवयीनं, 'कौलावर' असं लिहून ते एका रेघेनं खोडलेलं होतं, आणि वेगळ्या शाईत लिहिलं होतं, 'ओट्यावर.' त्याच पानात ते कार्ड होतं, बर्फातल्या कालव्याचं. मागे इंग्रजीत दोन ओळी, नववर्षाच्या शुभेच्छा, तुम्ही आणि तुमची पत्नी बरे आहात ना. पत्ता घरचा. शिक्का सत्त्याण्णव सालचा, म्हणजे उत्तमरावांनी त्याला मारल्यानंतर तीन वर्षांनी तो सही करून बसला होता. पोस्टमननं ते तिच्या हातात दिलं असणार, आणि स्वीडनहून आलं हे तेवढं वाचून दाखवलं असणार. तिनं ते घेतलं, वहीत ठेवलं, आणि पुढच्या सव्वीस वर्षांत एकदाही विचारलं नाही.

"अन् मंग पाव्हना येत नाई तवा?" उत्तमरावांनी विचारलं. "खाली लिवेल हाय ना," प्रतीक्षा म्हणाली. अक्षर बारीक होतं, त्यांनी वही उजेडात धरली. 'दुपारपर्यंत वाट पाहणे. कोणी आलं नाही तर तेच पान यांना वाढणे.' प्रतीक्षा कढई उतरवत सांगत होती, "मी आईले इचारलं व्हतं एकदा, बाबाले थंडं काऊन देता म्हनून. तं आई हासल्या. म्हने, त्यायच्याच वाट्याचं हाय थे, त्यायलेच पचवू दे."

दुपारी ओट्यावर पान वाढलेलं होतं. कढीवर साय धरली होती. उत्तमरावांनी आत पाट मांडू दिला नाही, ते बाहेर जाऊन पानासमोर मांडी घालून बसले. चष्मा पुसला, कॉलर नीट केली, समोर रिकाम्या जागेकडे एकदा बघितलं, मग जरा बाजूला सरकून पुन्हा बघितलं, आणि म्हणाले, "नीट दिसलीस." मग त्यांनी गार कढीचा पहिला घास घेतला, आणि कुरकुर न करता ते सगळं पान जेवले.